नावाच्या जागी हं

माझ्या नवऱ्यानं सगळ्या संसारात मला एकदाही नावानं हाक मारली नव्हती. यात विशेष काही नाही. आमच्या पिढीत, आमच्या बाजूला, ते कुणीच करत नसे. सुप्याच्या अलीकडे, हमरस्त्यापासून थोडं आत आमचं गाव. तिथं कुठल्याही घरात बायको म्हणजे 'अगं' आणि नवरा म्हणजे 'अहो'. आमच्या ह्यांनी त्यात स्वतःची एक भर घातली होती. मी प्राथमिक शाळेत शिक्षिका, म्हणून ते मला 'मास्तरीण' म्हणायचे. "मास्तरीण, च्या झाला का?" आणि मी तावातावानं भांडत असले की, "मास्तरीण, शाळा सुटली न्हाई व्हय अजून?" मला राग यायचा. राग आला की मी जास्त बोलते, आणि मी जास्त बोलले की ते आणखी हसायचे. असा आमचा संसार चालला होता, आणि चांगला चालला होता.

ते सुप्याच्या एमआयडीसीत एका कारखान्यात होते. तिथून निवृत्त झाल्यावर पूर्ण वेळ शेती बघू लागले. एका सकाळी कांद्याला पाणी द्यायला गेले आणि बांधावरच खाली बसले. शेजारच्या रानातल्या माणसांनी उचलून आणलं. नगरच्या दवाखान्यात डॉक्टर म्हणाले, मेंदूच्या डाव्या बाजूला रक्त पोचलं नाही. जीव वाचला. उजवा हात आणि उजवा पाय लुळा पडला, आणि बोलणं गेलं.

बोलणं गेलं असं मी म्हणते, पण ते तसं साधं गेलं नाही. अगदी गेलं असतं तर बरं, असं मला तेव्हा वाटायचं. कुणी भेटायला आलं आणि "राम राम" म्हणालं, की हे खणखणीत "राम राम" म्हणायचे. 'व्हय' यायचं. आणि एक शिवी यायची, ती मी इथं लिहीत नाही, पण तिच्यात एक अक्षरही अडखळायचं नाही. बाकी काही नाही. पाणी नाही, भूक नाही, मुलाचं नाव नाही. 'अगं' नाही, 'मास्तरीण' तर नाहीच. आलेले पाहुणे बाहेर जाऊन सांगायचे, की चांगले बोलतात की, घरच्यांशीच बोलत नसतील. माझा मुलगाही एकदा वैतागला. म्हणाला, "अण्णा, राम राम म्हणता येतं, मग पाणी का म्हणता येत नाही? मनावरच घेत नाही तुम्ही." अण्णांनी त्याला ती शिवी स्वच्छ दिली. पोरगं बिचारं तोंड पाडून बाहेर गेलं.

काही हवं असलं की ते डाव्या हातानं कॉटच्या लोखंडी कडेवर स्टीलचा पेला वाजवायचे. टण टण टण. त्या आवाजानं माझ्या डोक्यात तिडीक जायची. लोक म्हणायचे, एवढी सोशिक बाई आणि पेल्यावर का चिडते. मी सोशिक कधीच नव्हते, पण ते असो. पेला वाजला की सून गेली तरी चालायची, मुलगा गेला तरी चालायचा, शेजारीण आली असली तर तीही चालायची. पाणी मिळालं की झालं. तो पेला कुणालाच हाक मारत नव्हता. मला रोज वाटायचं, या माणसाला मी आठवते का? की दवाखान्यातल्या नर्सबाई होत्या तशी ही घरातली एक बाई, एवढंच आता उरलंय? हे कुणाला विचारायचीही सोय नव्हती. त्यांना विचारलं तर ते म्हणणार 'व्हय'. ते सगळ्यालाच 'व्हय' म्हणायचे.

मग नगरला वाचा शिकवणाऱ्या एका मुलीकडे जायला लागलो. स्पीच थेरपी म्हणतात. मुलगी वयानं लहान, बोलायला गोड. ती चित्रं दाखवायची आणि नाव विचारायची. छत्री दाखवली, नाही आलं. कुलूप दाखवलं, नाही आलं. एकदा पेंग्विन दाखवला. मी म्हटलं, "बाई, हे धडधाकट होते तेव्हाही पेंग्विन ओळखला नसता. कांदा दाखवा." तिनं हसून मोबाईलवर कांदा दाखवला. त्यांनी हातानं गोल केला, डोळ्यांतून पाणी आल्याची खूण केली, म्हणजे कांदा कळला होता. शब्द तेवढा आला नाही.

दुसऱ्या कुठल्याशा खेपेला तिनं माझ्याकडे बोट दाखवलं आणि त्यांना विचारलं, "या कोण? यांचं नाव सांगा बरं."

ते माझ्याकडे बघत राहिले. ओठ हलले, मान खाली गेली. मुलीनं हातातल्या कागदावर काहीतरी खूण केली. मला ती खूण सहन झाली नाही. मी म्हटलं, "बाई, ते खोडा. हे नाव त्यांनी कधी घेतलेलंच नाही. जे कधी घेतलं नाही ते हरवलं असं कसं लिहिता?" मुलगी गोंधळली. कधीच नाही? मी म्हटलं कधीच नाही. आणि मग माझं मलाच रडू आलं, कारण मी हे भांडून सांगत असले तरी मलाही ते उत्तर हवंच होतं.

मुलीनं पाणी दिलं आणि कागदावर एक डोकं काढून मला समजावलं. बहुतेक माणसांत शब्द शोधायचे, जुळवायचे, वाक्य बांधायचं, हे काम मेंदूची डावी बाजू करते. आणि डावी बाजू उजव्या अंगाला चालवते, म्हणून हातही गेला आणि शब्दही गेले. उजवी बाजू शाबूत आहे. बोलण्यातली चाल, ठेका, राग, लाडिकपणा, हे पुष्कळसं तिच्याकडे असतं. शिवाय हजारदा म्हणून जे तोंडात बसलंय ते तिथून आपोआप बाहेर येऊ शकतं. राम राम हे आता वाक्य राहिलेलं नाही, नुसती सवय आहे. शिवीचंही तसंच. "अगदी अशी मधे भिंत घालून वाटणी नसते," ती म्हणाली, "दोन्ही बाजू एकमेकींना मदत करतात. पण आपण चालीवरून शब्दांकडे जायचा प्रयत्न करू. काका गातात का?"

मी कपाळाला हात लावला. हे आणि गाणं. आरतीला सगळ्यांच्या मागे उभे राहून टाळ्या वाजवायचे, त्याही ठेका सोडून. "मग त्यांनी आयुष्यात तोंडपाठ काय केलंय?" मुलीनं विचारलं. मी खूप विचार केला. आणि मला उखाणा आठवला.

आमच्या लग्नात नवऱ्यामुलानंही नाव घ्यायचं, असा माझ्या नणंदेनं हट्ट धरला होता. तिनंच उखाणा रचला आणि भावाकडून आठवडाभर घोकून घेतला. गुरांना वैरण टाकताना, मोट सुटून इंजिन आलेल्या विहिरीवर, जेवताना, सारखा तोच. मांडवात त्यांनी तो एका दमात म्हटला, लालबुंद होऊन, आणि सुटका करून घेतली. त्या मुलीला मी 'कधीच नाही' म्हटलं खरं, पण त्या एकाच वेळी माझं नाव त्यांच्या तोंडून मी ऐकलं होतं. पुढे नणंद तिसगावला दिली, पण दर भाऊबीजेला ओवाळायला आली की ताट हातात धरून अडून बसायची. उखाणा म्हण, त्याशिवाय ओवाळत न्हाई. मग हे म्हणायचे:

"लाल माती, काळी माती, मधनं वाहतो पाट,
हं हं आली घरात, आता कुणाची बघू वाट."

नाव यायच्या जागी 'हं हं'. बायकोचं नाव आणि तेही पोरांसमोर, कसं घेणार? नणंद म्हणायची, "लई लाजतंय बाई माझं भावडं," आणि ओवाळायची. एवढंच. वर्षानुवर्षं एवढंच.

मी तो उखाणा त्या मुलीला म्हणून दाखवला. तिनं ह्यांचा डावा हात हातात घेतला आणि टेबलावर हळूहळू ठेका धरायला लावला. पहिली ओळ ती त्या ठेक्यावर लांबवून, गुणगुणल्यासारखी म्हणाली. पुन्हा म्हणाली. मग 'लाल माती' एवढंच म्हणून थांबली. त्यांचा हात चालूच होता. आणि त्यांच्या तोंडातून आलं, "काळी माती, मधनं वाहतो पाट." स्वच्छ. मुलीनं माझा दंड घट्ट धरला. ह्यांचा हात टेबलावर पडत होता, टप, टप, आणि पुढची ओळ आली.

"हं हं आली घरात, आता कुणाची बघू वाट."

मुलगी आनंदानं उभीच राहिली. इतके शब्द त्यांनी आजारपणानंतर पहिल्यांदाच एकदम म्हटले होते. मी हसत होते आणि मला भयंकर राग आला होता. सगळं गेलं, छत्री गेली, कुलूप गेलं, पोराचं नाव गेलं, आणि लाज तेवढी जशीच्या तशी राहिली. परत येताना एसटीत मी त्यांना म्हटलं, "धन्य आहे तुमची." ते म्हणाले, "व्हय."

घरी रोज सराव चालू झाला. पेला मी आत ठेवून दिला, ठेका मात्र कॉटच्या कडेवरच, बोटांनी. ते रोज उखाणा म्हणायचे आणि रोज हं हं. मी म्हणायचे, अहो, आता पोरं मोठी झाली, घ्या की नाव. ते मान हलवायचे. मला कळेना, की नाव येत नाही म्हणून हं हं आहे, की सवयच तशी आहे. थेरपीवाल्या मुलीला विचारलं. ती प्रामाणिक होती. म्हणाली, "मलाही सांगता येणार नाही, काकू. रेकॉर्ड लावल्यासारखं ते सगळं सलग येतंय. त्यातलं नाव त्यांच्या मनात तुम्हाला जोडलेलं आहे की नाही, हे त्यावरून कळत नाही." खरं बोलली, पण मला फार लागलं. त्या दिवशी मी घरी कुणाशी धड बोलले नाही.

मग एका बाजारच्या दिवशी मी सुप्याला गेले होते. परतताना गाडी मिळेना, उशीर झाला. ऊन उतरायला लागलं होतं. मी भाजीची पिशवी घेऊन अंगणात आले तेव्हा आतून सुनेचा आवाज येत होता, रडकुंडीला आलेला. "अण्णा, पाणी नको, चहा नको, बाथरूमला नको, मग काय पाहिजे तुम्हाला?" नंतर कळलं, ती बराच वेळ एकेक वस्तू आणत होती आणि ते डाव्या हातानं ढकलत होते. त्यांची तिला ती शिवीसुद्धा देऊन झाली होती. मी चप्पल काढत होते. तेवढ्यात कॉटच्या कडेवर बोटं वाजायला लागली. टप, टप, टप.

"लाल माती, काळी माती, मधनं वाहतो पाट."

मग थांबले. बोटं चालू होती, आवाज नव्हता. मी पायरीवर तशीच उभी. पुन्हा पहिल्यापासून तीच ओळ आली. पुन्हा थांबले. तिसऱ्यांदा ओळ संपली, आणि त्या जागेवर त्यांनी माझं नाव घेतलं. पूर्ण, नीट, मांडवात घेतलं होतं तसं. पुढचं 'आली घरात' म्हटलंच नाही. तिथंच थांबले आणि दाराकडे बघायला लागले.

सून बाहेर धावत आली आणि मला बघून तिथंच थबकली. "आई, तुम्हाला बोलावतायत," ती म्हणाली.

मी आत गेले. म्हटलं, काय पाहिजे? त्यांनी कॉटशेजारच्या खुर्चीकडे हात केला. मी बसले. अजून काय? काही नाही. त्यांना काहीच नको होतं. मी तिथं बसल्यावर थोड्या वेळानं त्यांचा डोळा लागला, आणि मी पिशवी मांडीवर घेऊन तशीच रडत बसले. सुनेनं हळूच येऊन मेथी काढून नेली.

थेरपीवाली मुलगी म्हणते, ते नाव अजून उखाण्याला चिकटलेलं आहे, सुटं होईल की नाही माहीत नाही. न होऊ दे. मी हवी असले की ते लाल मातीपासून सुरू करतात, पाटापर्यंत येतात आणि मग मला हाक मारतात. आमची अख्खी आळी आता तो उखाणा ऐकते. पाणी हवं असलं तर अजूनही कॉट वाजवतात, कुणीही जातं.

पहिल्या दोन शब्दांतच मला कळतं की बोलावणं माझं आहे. मी शेजारच्याच खोलीत असते. पण नाव येईपर्यंत मी जागची उठत नाही.