गुरुजींचं अर्धा किलो दळण

जवळा बाजारातल्या माझ्या पिठाच्या गिरणीएवढं शास्त्रीय गाणं जगातल्या दुसऱ्या कुठल्याही गिरणीनं ऐकलं नसेल, हे मी छातीठोकपणे सांगतो. मला स्वतःला त्यातलं ओ की ठो कळत न्हाई. पण आमचे गुरुजी! शाळेतून निवृत्त झालेले, बंदिशी रचणारे, आणि घरच्या तंबोऱ्यापेक्षा माझ्या गिरणीच्या मोटारीवर जास्त भरोसा ठेवणारे. "हिचा सूर म्हंजे बराबर माझा षड्ज हाय," म्हणायचे. गिरणी घरघरत असली तरच त्यांना चाल सुचणार! म्हणून सकाळ-संध्याकाळ अर्धा किलो ज्वारी घेऊन हजर. घरातले डबे पिठानं भरले, काकूंनी हात जोडले, "अहो, आपण दोघंच. किती भाकरी थापू?" तरी न्हाईच. कांडपाच्या यंत्रात मिरची पडली की सगळ्या बाया नाकाला पदर लावून बाहेर पळायच्या. हे बाबा तिथंच, डोळे मिटून. एकदा शिंक आली ती नेमकी समेवर. मी फिस्सकन हसलो तर मलाच दटावतात, "हसून काय राहिला? जागेवर आली न!"

मागच्या वर्षी डॉक्टरांनी सांगितलं, काळीज थकलंय, फार तर वर्षभर. मला वाटलं, आता तरी हा माणूस घरी बसेल. कुठलं काय! दुसऱ्या दिवशी पिशवी घेऊन दारात. नवी बंदिश सुरू केली होती. ती पंधरवड्यात झालीसुद्धा, फक्त शेवटची ओळ राहिली. त्या ओळीत रचणाऱ्यानं स्वतःचं नाव ओवायची रीत असते. आजवर त्यांना नाव घालायला मिनिट लागलं नव्हतं. या वेळी मात्र तिथवर यायचे, थांबायचे आणि पुन्हा पहिल्यापासून. महिनोन्महिने हेच. एक दिवस मी वैतागलोच, "काहून अडून राहिले, गुरुजी? टाका की नाव!"

"नाव घातलं की बंदिश पुरी झाली, लेका," ते हळूच म्हणाले. "मंग उद्या मी कशाला येऊ?"

त्यांची ज्वारी मी उगाच दोनदा दळली.

गुरुजी गेले. तेरावं झाल्यावर काकू आल्या. "कागदावर काहीच लिहिलं न्हाई रे त्यांनी. तुला येती का ती बंदिश?"

मी मोटार सुरू केली. माझा आवाज हा असा, फाटका. पण वर्षभर ऐकलेलं सगळं येत गेलं. रांगेतल्या बायांनी डबे खाली ठेवले. शेवटच्या ओळीपाशी आलो, थांबलो, आणि पुन्हा पहिल्यापासून धरलं.

"अन् नाव?" काकूंनी विचारलं.

"ते उद्या," मी म्हणालो.

दुसऱ्या दिवशी सकाळी काकू दारात उभ्या होत्या. हातात अर्धा किलो ज्वारी.