बोर्चाच्या गाण्याची तिसरी ओळ

व्हेरोन द्येतवाईला डोंगरापलीकडच्या गावांतही लोक ओळखायचे, ते तिने मुरवलेल्या कोबीमुळे. गाण्यासाठी तिला कोणी ओळखत नव्हतं, आणि त्यात गैर काही नव्हतं. घरात गाणारी होती ती तिची आई, बोर्चा.

बोर्चा ताग चेचताना गायची. गाणं नेहमी एकच, चार ओळींचं, नवरा लष्करात गेलेल्या बाईचं. तिसऱ्या ओळीच्या शेवटी आवाज आता वर चढणार असं वाटायचं, आणि नेमका तिथेच तो खाली उतरायचा, अंधारात पायरी चुकावी तसा. शेजारणी हसायच्या.

"बोर्चा, पडलं बघ तुझं गाणं विहिरीत!"

"पडू दे. तुझ्या नवऱ्यासारखं ओलं होऊन तर येईल!" बोर्चा म्हणायची. शेजारणीचा नवरा पिणारा होता.

पहिल्या महायुद्धाआधी एका उन्हाळ्यात अगोश्तोन बेरेंद फेल्शोबार्का गावात आला. तेव्हा तो नाव नसलेला तरुण संगीतकार होता. पाठीवर आवाज उतरवून घ्यायचं कर्ण्याचं यंत्र, पेटीत त्याच्या मेणाच्या नळ्या. त्याला जुनी गाणी हवी आहेत, असं पाद्रीबुवांनी रविवारी चर्चमध्ये सांगितलं, आणि गावाची अब्रू पणाला लागल्यासारखी तयारी सुरू झाली. गावप्रमुखाच्या बायकोने मुली निवडल्या. त्यांना खळ घातलेले परकर नेसवले, डोक्यावर मण्यांच्या टोप्या चढवल्या. गाणी ठरवली ती जत्रेत जिप्सी बँड वाजवायचा ती, शहरात चालणारी. राजधानीहून आलेल्या माणसापुढे ताग चेचायची गाणी म्हणणं म्हणजे पाहुण्याला डुकराच्या कुंडीतलं वाढणं, यावर गावाचं एकमत होतं. व्हेरोन तेव्हा परकर सांभाळत रांगेत दुसरी उभी होती. बोर्चाला कोणी बोलावलं नाही. ती तळ्यावर ताग भिजत घालत होती.

बेरेंदने थोडं ऐकलं, यंत्र मिटलं, सगळ्यांचे आभार मानले आणि डोंगर चढून पलीकडे निघून गेला. पाहुणा खूश झाला, असं गावाने ठरवून टाकलं. पुढे युद्ध लागलं, आणि त्यातल्याच एका हिवाळ्यात बोर्चा छातीच्या दुखण्याने गेली.

बेरेंदचं नाव झालं. तो वारल्यावर तर जास्तच. त्याची डोंगराळ मुलखावरची रचना रेडिओवर सणासुदीला लागायची, शेतीची सहकारी संस्था झाल्यावर संस्थेच्या कर्ण्यावरूनही लागायची. तिचा मधला भाग सुरू झाला की व्हेरोन हातातलं काम थांबवायची. चाल आईच्या गाण्याचीच होती. डोंगरापलीकडेही ते गाणं म्हणत, त्याला तिकडे मिळालं असणार.

संगीताचा अभ्यासक डॉक्टर लोंताई तिच्या दारात आला तेव्हा तिला नातवंडं होती. तो बेरेंदचं चरित्र लिहीत होता. ज्या गावांतून बेरेंद पायी फिरला, तिथे त्याला पाहिलेली माणसं तो शोधत होता. सून एतेलने खसखशीची पोळी कापून पुढे ठेवली.

"व्हेरोन नेनी," म्हाताऱ्या बाईला मानाने म्हणतात तसं तो म्हणाला, "ते कसे दिसायचे? काय खाल्लं त्यांनी? कुणाशी काय बोलले?"

"सांगते. पण आधी माझ्या आईचं गाणं घ्या. तुमच्या त्या पेटीत."

लोंताईने टेपरेकॉर्डर लावला. व्हेरोनने डोक्याचा रुमाल सारखा केला आणि गायली. आवाज घोगरा होता, पण चाल पक्की. संपलं तेव्हा लोंताई उठून उभा राहिला होता.

"हा तर मधला भाग! जसाच्या तसा! नेनी, ही चाल त्यांनी कुणाकडून घेतली ते आजवर कुणाला माहीत नाही. पलीकडच्या गावातली म्हणतात, पण तिथे गाणारीचं नाव काही सापडत नाही. तुमच्या आईचं नाव सांगा."

व्हेरोनला खटकलं ते वेगळंच. तिसरी ओळ वर गेली होती. तिने पुन्हा म्हटलं. पुन्हा वर. तिसऱ्यांदा तिने आवाज मुद्दाम खाली ढकलला, तेव्हा तो कुठेतरी भलतीकडेच जाऊन थांबला.

"सासूबाई, छान तर म्हणता," एतेल म्हणाली. "रेडिओवर म्हणतात तसंच."

"तेच तर."

लोंताई रात्री पाद्रीबुवांकडे राहणार होता. उद्या येतो म्हणाला. तो गेल्यावर व्हेरोन खालच्या आळीत रोझीकडे गेली. बोर्चाच्या शेजारी बसून ताग चेचलेली आता तेवढी एकच उरली होती. रोझी शेंगा सोलत होती.

"रोझी, आईचं गाणं म्हण बघू."

"आता? वेड लागलं का तुला? माझ्या तोंडात दात किती ते बघ."

"दाताने नाही म्हणायचं. म्हण."

रोझीने म्हटलं. तिसरी ओळ सरळ वर गेली.

"अशीच होती?"

"अशीच की. मी काय आज ऐकतेय?"

"शेवटी खाली नव्हती? तुम्ही हसायचात, विहिरीत पडलं म्हणून?"

रोझीने हातातली शेंग न सोलताच खाली ठेवली. "हसायचो खरं," ती म्हणाली. "कशाला हसायचो ते नाही बाई आठवत."

दुसऱ्या दिवशी लोंताई आला तेव्हा व्हेरोन फाटकातच उभी होती.

"आईचं नाव लिहू नका."

"का? ते आले तेव्हा ती गावातच होती ना? जाताना वाटेत ऐकलं असेल."

"तळं त्या वाटेवर नाही. आणि मी काल म्हटलं ते तिचं नाही. ते रेडिओचं आहे. तिचं गेलं."

"नेनी, नीट विचार करा. मोठं पुस्तक आहे. तुमच्या आईचं नाव राहील त्यात."

व्हेरोनने विचार केलेलाच होता. रात्रभर तिच्यापुढे ते नाव छापलेलं दिसत होतं. फाटकाची कडी तिच्या हातात होती, ती तिने दोनदा लावली आणि काढली.

"दुसऱ्याच्या गाण्याखाली नाव राहून ती काय करील?" ती म्हणाली. "तुम्ही या आत. बेरेंदसाहेबांचं सांगते. त्यांच्या टाचेला फोड आले होते, आणि ते ताक प्यायले."

पुस्तक निघालं तेव्हा संस्थेच्या ग्रंथालयातून एतेलने ते आणलं आणि गावाचं नाव शोधून तेवढं वाचून दाखवलं. फेल्शोबार्का इथे बेरेंद यांना नोंद घेण्यासारखं काही मिळालं नाही, एवढंच एक वाक्य होतं. फोड आणि ताक गाळलं होतं.

"हे काय! खोटं लिहिलंय," एतेल चिडून म्हणाली.

"नाही," व्हेरोन म्हणाली, "बरोबर लिहिलंय," आणि परसात कोबीकडे गेली.