ओदलीनच्या पुस्तकाचं पहिलं पान

नवरा वारला तेव्हा ओदलीन सव्वीस वर्षांची होती. तो पॅरिसमध्ये दुसऱ्यांची पुस्तकं हातानं उतरवून पोट भरायचा. त्याच्याच लेखणीनं ती तेच काम करू लागली. चर्मपत्र, म्हणजे लिहायचं कातडं, आमच्या दुकानातून न्यायची. कडा कापल्या की उरलेल्या पट्ट्या मी तिच्यासाठी बाजूला ठेवायचे. त्यांवर ती स्वतःच्या कविता लिहायची. रिकाम्या अंथरुणाविषयी, काळ्या झग्याविषयी, विधवेला सल्ला द्यायला येणाऱ्या पुरुषांविषयी. त्या ऐकताना मी हसायचे आणि मग पुन्हा एकदा वाचायला सांगायचे.

पण त्या तिच्या आहेत हे गल्लीत कुणी मानेना. नवऱ्याच्या पेटीत सापडल्या असतील, म्हणायचे. पाववाली तर तोंडावर म्हणाली, "मेल्यावर बरं लिहितो गं तुझा नवरा."

अकरा वर्षांनी तिनं त्यांचं पुस्तक केलं. जानेवारीच्या पहिल्या दिवशी, सगळे भेटी देतात तेव्हा, ते ड्यूकच्या बायकोला, डचेसला, द्यायचं ठरलं. लेखक गुडघे टेकून पुस्तक देतोय, असं चित्र पहिल्या पानावर असतंच. ते बघून तरी लोक मानतील, एवढीच तिची आशा. चित्राची जागा सोडून तिनं पान पुस्तकांतली चित्रं रंगवणाऱ्या गोतियेकाकांकडे पाठवलं. समासात बारीक अक्षरात लिहिलं होतं : विधवा, डोक्याला पांढरा रुमाल. काकांनी समास वाचला नाही. चाळीस वर्षं ते न वाचताच रंगवत आले होते.

दोन दिवस उरले असताना पान आलं. निळ्या आभाळाखाली टाळू भादरलेला एक पाद्री, हातात तिचं पुस्तक.

ती तशीच मला घेऊन काकांकडे गेली. "काका, ही मी का?"

"पुस्तक लिहिणारा असाच असतो, पोरी. आजवर एकानंही तक्रार केली नाही."

"त्यांच्या टाळू भादरलेल्याच होत्या ना."

काका ओशाळले. खरवडावं तर पाठीमागे तिची पहिली कविता, कातडं फाटलं असतं. नव्या चित्राचं सोनं आणि रंग वाळायला चार दिवस हवे होते. टाळूवर रुमाल रंगवू का, त्यांनी विचारलं. ती त्या चेहऱ्याकडे बघत राहिली.

"नको. रुमाल बांधला तरी तो तोच राहील."

तिनं नवं चर्मपत्र नेलं, पान पुन्हा लिहिलं आणि चित्राची जागा कोरी ठेवली.

भेटीच्या दिवशी मी सोबत गेले. डचेसनं पान उघडून विचारलं, इथं कुणीच कसं नाही? ओदलीन गुडघ्यांवरच होती. घडलं ते तिनं सांगितलं, पाद्र्यासकट. डचेसनं पुस्तक चाळलं, मिटलं आणि विधवेला सल्ला देणाऱ्या पुरुषांवरची कविता तिला तोंडपाठ म्हणायला लावली. मधेच थांबवून एका ओळीविषयी विचारलं. ती ओळ कुठून आली, हे ओदलीननं सांगितलं. कोण आला होता, कुठल्या खुर्चीत बसला होता, सगळं.

डचेस म्हणाली, "माझा चित्रकार पाठवते. आधी तुला नीट बघेल, मगच कुंचला उचलेल."

परतताना पुलावर ओदलीन एकदम थांबली.

"खरं सांग, माझं नाक फार मोठं आहे का गं?"

"आहे," मी म्हणाले. "तसंच काढायला सांग."