आरकाढी

आमच्या घरात बैल हाकायच्या पराणीला आर टिकायची नाही. आर म्हणजे टोकाचा खिळा. वडील ठोकायचे, माझी बायको उपटून उकिरड्यात टाकायची. गावाने तिचं नावच आरकाढी पाडलं. ती धीट होती असं नव्हे. लई भित्री. वडील नुसते खाकरले तरी तिच्या हातातलं भांडं वाजायचं. मी एकदा विचारलं, एवढी भितेस तर उपटतेस कशाला? म्हणाली, "भ्या वाटतंय म्हनूनच. बैलालाबी असंच वाटत आसंल की."

पाणवठ्यावर बाया हसायच्या. "बैलाची माय आली गं, वाट द्या." ही खाली मान घालून घागर भरायची.

निजामाच्या राज्याचे ते शेवटचे दिवस. रझाकार येणार अशी हूल उठली आणि आम्ही तेरखेड्याकडून भरल्या गाडीने निजामाबाहेरच्या बार्शीच्या हद्दीकडे निघालो. ओढ्याच्या चढाला एक बैल बसला. मागे धूळ दिसत होती. वडिलांनी पराणी टोचली, तर टोकाला आर नाही. मग त्यांनी ती हिच्यावरच उगारली. "तुज्यापायी मरताव आमी समदी."

ती थरथरत खाली उतरली. बैलाच्या मानेची जुपणी ढिली केली आणि जोंधळ्याची पोती एकेक करून खाली ढकलू लागली.

"वर्साचं खानं हाय त्ये," वडील ओरडले.

"खायाला आपुन तर ऱ्हायलं पायजे, मामंजी."

मग बैलाच्या मानेवर हात ठेवून ती काहीबाही पुटपुटत बसली. धूळ जवळ येत होती. शेवटी बैल उठला. पुन्हा जुपला, आम्ही सगळे पायी चाललो आणि चढ सरला.

धुळीतून निघाल्या त्या आमच्यासारख्याच पळणाऱ्या लोकांच्या गाड्या. एकाने आमची पराणी बघितली. "आर न्हाय व्हय? माजी घ्या."

वडील म्हणाले, "नगं. आमच्या सूनबाईला चालत न्हाय."

त्यानंतर आमच्या घरात बैलावर कुणी हात उचलला नाही. बायकांवर उचलायचा थांबला तो त्याच्याही नंतर. आता मुक्या जनावरांसाठी कायदे झालेत म्हणतात. बरं झालं.

ती आखाडात गेली. शेवटपर्यंत भित्रीच. आभाळ गडगडलं की माझं मनगट धरायची. काल लई गडगडलं. मी हात पुढे करून बसून राहिलो.