बॅट घेऊन पहिल्या बेसवर

बेसबॉल मी आयुष्यात कधी पाहिला नव्हता. तरी गेल्या सत्रात इतिहासाच्या सरांनी चिठ्ठ्या उचलायला लावल्या, तेव्हा माझ्या चिठ्ठीत बेसबॉलच निघाला. एकोणिसाव्या शतकाच्या अगदी शेवटी अमेरिकेतल्या एका व्यावसायिक टीमने खेळलेला एक हंगाम, आणि त्यावर वर्गासमोर बोलायचं. शेजारच्या मुलीला रेल्वेची बांधणी मिळाली होती. तिला ‘बदलतेस का’ असं विचारायचं मनात होतं, पण धीर झाला नाही.

आमच्या घरातून कॉलेजात गेलेली मीच पहिली. अब्बा इथे कतारमध्ये, मेसईदच्या खत कारखान्यात फिटर आहेत. मी कंपनीच्या कॉलनीतून रोज बसने दोहाला जाते. वर्गातल्या बऱ्याच मुलांना काही अडलं तर घरी विचारता येतं. माझ्या घरी काही विचारायचं तर आधी सगळं समजावून सांगावं लागतं, आणि तेव्हा मला स्वतःलाच ते नीट समजलेलं नसतं.

मी जे वाचलं ते असं. त्या टीमच्या मालकांनी दुसऱ्या शहरातली आणखी एक टीम विकत घेतली आणि चांगले खेळाडू तिकडे नेले. मागे राहिलेले हरू लागले. हरणाऱ्यांना बघायला घरच्या मैदानावर कोणी येईना, म्हणून मालकांनी त्यांना बाहेरगावीच खेळायला पाठवलं. ते आगगाडीने शहराशहरांतून फिरत राहिले आणि हरत राहिले. हंगामाच्या शेवटच्या दिवशी तर त्यांनी हॉटेलात सिगार विकणाऱ्या एका माणसाला बॉल टाकायला उभं केलं. तीही मॅच हरले.

बुधवारी सरांना तयारी दाखवली. सगळं ऐकून ते म्हणाले, “हरले, ते कळलं. पण दुसऱ्या दिवशी सकाळी ते परत गाडीत का बसले, ते सांग.”

मी म्हटलं, “पगारासाठी.”

“असेल. पण तुला स्वतःला पटतंय का हे?”

मला पटत नव्हतं, आणि दुसरं काही सुचतही नव्हतं. रविवारी सकाळी वर्गासमोर उभं राहायचं होतं. त्याआधी कोर्स सोडून दिला तर मार्कांवर काही परिणाम होणार नव्हता. म्हणून गुरुवारी जेवताना मी घरी सांगून टाकलं, की मी एक विषय सोडते आहे.

अब्बांचा घास हातातच राहिला. “सोडते म्हणजे? कॉलेज?”

“नाही हो, अब्बा. फक्त हा एक विषय. मला नाही जमणार.”

“काय हाय एवढं त्यात?”

मग मी त्यांना त्या टीमची गोष्ट सांगितली. चांगले खेळाडू दुसरीकडे नेले इथपर्यंत आले आणि अब्बा हसायला लागले. आगगाडीपर्यंत येईतो त्यांनी ताट बाजूला सारलं होतं. सिगारवाल्याचं ऐकल्यावर तर डोळे पुसत म्हणाले, “अगो, ही तर आमचीच टीम!”

ते खरंच होतं. दर शुक्रवारी सकाळी कॉलनीमागच्या मोकळ्या जागेत रत्नागिरीकडच्या लोकांची टेनिस बॉलची क्रिकेट मॅच असते. अब्बांच्या टीमचे दोन चांगले बॉलर कंत्राटदाराने लुसैलच्या साइटवर नेले, तेव्हापासून ती टीम जिंकल्याचं मला आठवत नाही.

“फरक एवढाच,” अम्मी म्हणाली, “त्यांना पगार होता. तुम्ही नुसती वाळू आणता घरात.”

“उद्या तू पण चल ग्राउंडवर,” अब्बा मला म्हणाले. “विषय काय, तो मग शनिवारी पण सोडता येईल.”

शुक्रवारी मॅच लवकर संपली, कारण आमची टीम लवकर आउट झाली. जुम्म्याच्या नमाजाला अजून बराच वेळ होता. समोरच्या टीमचे कॅप्टन म्हणजे दापोलीचे एक चाचा, पोर्टवर क्रेन चालवतात. अब्बांनी त्यांना गाठलं. “आमच्या पोरीचं कॉलेजचं काम हाय. थोडा वेळ बेसबॉल खेळू या.”

“तुला क्रिकेट येत नाय, तर आता बेसबॉल?” चाचा म्हणाले. पण खेळायला तेच आधी उभे राहिले.

तांदळाच्या रिकाम्या गोण्या चार कोपऱ्यांवर ठेवून त्यांचे बेस केले. नियम मी सांगायचे. इतकी सगळी मोठी माणसं माझ्याकडे बघत होती, त्यामुळे सुरुवातीला मी फक्त अब्बांकडे बघून बोलले. “बॉल टप्पा पाडून नाही टाकायचा,” मी म्हटलं. “सरळ फेकायचा. कोपरात हात वाकला तरी चालतो.”

चाचांनी दोन्ही हात वर केले. “ऐकलंत? चालतो! वीस वर्षं मला फेक्या म्हणताय!”

सगळं मैदान हसलं, आणि का कोण जाणे, माझीही भीड गेली.

त्यानंतर जे झालं त्याला बेसबॉल म्हणावं की नाही, मला माहीत नाही. बॉल लागला की पळायलाच हवं, हे कोणाच्या पचनी पडत नव्हतं. एकाने बॉल मागे सोडून दिला आणि ‘वेल लेफ्ट’ म्हणून स्वतःचंच कौतुक केलं. अब्बांनी मात्र जोरात मारला. मारला आणि बॅट हातात घेऊनच धावत सुटले. बेस थोडा दूर असताना त्यांनी वाकून बॅट पुढे टेकवली, अगदी क्रीजमध्ये टेकवतात तशी. पाय पोचायच्या आधी चाचांनी बेसवर उभं राहून बॉल पकडला.

“आउट,” मी म्हटलं.

“आउट कसा? बॅट आत हाय!”

“बॅट चालत नाही, अब्बा. पाय लागला पाहिजे.”

“मग बॅट दिली कशाला हातात?”

“ती टाकून पळायचं असतं.”

“बॅट टाकून?” त्यांनी चाचांकडे पाहिलं. दोघांचे चेहरे सारखेच झाले, म्हणजे मी जेवताना चप्पल घालायला सांगितल्यासारखे.

मग आमची फील्डिंग आली तेव्हा कळलं, आमचा एक माणूस ड्यूटीचा फोन आल्यामुळे निघून गेला होता. आणि तोच बॉल टाकणार होता. अब्बांनी बॉल माझ्या हातात ठेवला. “यल्ला, चल. तो सिगारवाला आजपासून तू.”

अम्मी गाड्यांजवळ थर्मास घेऊन बसली होती. मला वाटलं ती नको म्हणेल. ती ओरडली, “बाही वर कर आधी!”

माझा पहिला बॉल चाचांपर्यंत पोचलाच नाही. दुसरा त्यांच्या डोक्यावरून गेला. तिसरा त्यांनी असा मारला की तो पार्किंगमध्ये जाऊन पडला. प्रत्येक वेळी आमची सगळी टीम एकदम ओरडायची, “शाब्बास, मस्त बॉल!” त्यात टिंगल नव्हती. मी घामाने भिजले, ओढणी गाडीत टाकून आले, खांदा दुखायला लागला. धावा किती झाल्या ते कोणी मोजत नव्हतं.

चाचा घड्याळ बघून म्हणाले, “खलास. नमाजाची वेळ झाली.”

“चाचा, एकच!” मी म्हटलं. “अजून एकच टाकू द्या.”

आणि तसं म्हणतानाच मला सर आठवले. ते परत गाडीत का बसले, हा प्रश्न मला त्यानंतर अवघड वाटला नाही. चाचांनी बॅट पुन्हा उचलली. मी टाकलेला तो शेवटचा बॉल बरोबर त्यांच्या पोटाच्या उंचीवर गेला, आणि त्यांनी तोही पार्किंगमध्ये घालवला.

विषय मी सोडला नाही. रविवारी वर्गासमोर उभी राहिले. लिहून आणलेली सुरुवात बाजूला ठेवली आणि म्हटलं, “परवा सकाळी मी सिगार विकणारा माणूस होते.” पुढचं मग आपोआप येत गेलं. ते खेळाडू का खेळत राहिले ते मला ठामपणे माहीत नाही, पण मला अजून एक बॉल का टाकायचा होता ते माहीत आहे, असं मी सांगितलं. मागच्या बाकावरची मुलं हसत होती, पण ऐकत होती.

सरांनी विचारलं, “मग शुक्रवारची मॅच कोण जिंकलं?”

“आम्ही हरलो, सर. पुढच्या शुक्रवारीही हरू, इन्शाल्ला.”

सर इतके मोकळेपणाने हसलेले मी त्याआधी पाहिले नव्हते.

संध्याकाळी घरी आले तर अब्बा ड्यूटीवरून येऊन दारातच उभे होते. मार्क किती हे त्यांनी विचारलं नाही.

“मी बॅट घेऊन पळालो, ते सांगितलंस?”

“सांगितलं.”

“हसले?”

“खूप.”

ते खुश झाले. आत जाता जाता थांबले. “आणि मी आत होतो, ते सांगितलंस ना?”