रस्ता ओलांडणारी बाई

ज्यांच्या आयुष्यात नवे काही घडायचे उरलेले नसते, त्यांच्याजवळ किस्से फार साठतात. मुले ऑफिसला जाताना आम्हा वृद्धांना कॅलिफोर्नियातल्या फ्रीमाँटच्या ज्येष्ठ नागरिक केंद्रात सोडतात. मग बोलण्यावाचून दुसरे करायचे काय? मात्र एव्हारिस्तो येऊ लागले आणि आम्हा मराठी मंडळींचे किस्से फिके पडले. नव्वदी ओलांडलेले हे गृहस्थ तरुणपणी मेक्सिकोत चित्रपट-दिग्दर्शक होते. 'रडके चित्रपट' हे त्यांचे शब्द. मी 'करुण' म्हटले असते.

*

त्यांच्या प्रत्येक चित्रपटात कोणीतरी मरे आणि दफन त्याच एका दफनभूमीत होई. तिथला राखणदार दारातच विचारी, "आज कोण?"

पुढे त्यांची आई वारली. शवपेटीमागून हे चालत होते. राखणदाराने सवयीने विचारले, "आज कोण?"

"मग काय सांगितलंत?" आमच्या कुलकर्ण्यांना राहवेना.

"काय सांगणार? म्हटलं, आज कॅमेरा नाही."

*

एका चित्रपटाच्या अखेरीस विधवा नायिका एकटी उरते, असे त्यांनी दाखवले. निर्मात्याने परस्पर दुसऱ्याच चित्रपटातले लग्न शेवटी जोडून दिले. नवरीचे तोंड जाळीने झाकलेले, त्यामुळे खपले!

"पहिल्या खेळाला कळलं, माझ्या विधवेचं लग्न झालंय! आणि नवरदेवाला मी ओळखतही नव्हतो!"

"डिरेक्टरसाहेब," कुलकर्णी म्हणाले, "आमच्या थोरलीच्या लग्नात माझं हेच झालं यार!"

*

एव्हारिस्तोंची दृष्टी झपाट्याने जात होती. संपूर्ण जाण्याआधी त्यांना एकच गोष्ट पाहायची होती. एकदा चित्रीकरणाला गर्दीतली एक बाई आली नाही, तेव्हा त्यांनी स्वतःच्या पत्नीला टोपली देऊन रस्ता ओलांडायला लावले होते. ती गेल्याला बरीच वर्षे झाली. तिचे चालते-बोलते असे दुसरे चित्रण कुठेही नाही.

"जगाला रडवलंत आणि बायकोला एकच शॉट?" कुलकर्ण्यांनी टोमणा मारला.

"घरी गेलो असतो, तर दुसरा घेतला असता."

कुलकर्ण्यांनी चित्रपटाचे नाव विचारून कागदावर लिहून घेतले.

*

तो चित्रपट इंटरनेटवर शोधून काढला कुलकर्ण्यांच्या धाकट्या जावयाने. कोणीतरी टीव्हीवरून उतरवून घेतलेली प्रत होती. "सॉफ्टवेअरवाला जावई असावा तर असा!" असे कुलकर्णी सर्वांना ऐकवत राहिले. इतके दिवस या जावयाला ते 'अहो' म्हणत, तेही नाइलाजाने!

*

कुलकर्ण्यांच्या घरी आम्ही जमलो. तोवर एव्हारिस्तोंना पडद्यावर केवळ उजेड हलताना दिसत असे. त्यांची मुलगी लुसिया सुट्टी घेऊन आली होती. ती त्यांना प्रत्येक दृश्य सांगत होती.

बेकरीसमोरचा रस्ता आला. लुसिया पुढे सरकली. एक कुत्रा पलीकडे गेला आणि चित्र एकदम पोलीसठाण्यात! मधला तुकडा टीव्हीवाल्यांनी कापून टाकला होता. कुलकर्णी काही बोलणार, तोच मी त्यांचा हात दाबला.

"आली?" एव्हारिस्तोंनी विचारले.

लुसियाने पडद्यावरची नजर हटवली नाही. "आली, पापा. टोपली घेऊन. मध्येच थांबून तिनं तुमच्याकडे पाहिलंसुद्धा."



"पाहणारच! कॅमेऱ्याकडे बघायचं नाही, म्हणून दहादा बजावलं होतं. ऐकेल तर शपथ!"