सभेकडे पाठ

धनाजी मदने यांच्या आठवणींच्या पुस्तकात छायाचित्रं भरपूर आहेत आणि जवळपास सगळ्यांत त्यांची पाठ आहे. फौजेच्या बँडमध्ये ते क्लॅरिनेटवर भरती झाले, पुढे व्हायोलिन हातात आलं आणि निवृत्त झाले ते वाद्यवृंदाचे संचालक, म्हणजे कंडक्टर, म्हणून. संचालक वादकांकडे तोंड करून उभा राहतो. लोकांच्या आणि कॅमेऱ्याच्या वाट्याला पाठ येते.

पुस्तक चाळून पत्नी मंगल म्हणाल्या, “आवं, ह्यात तुमी कंचं ते वळखायचं कसं? पाठीवर नाव तरी घालायचं, कबड्डीवाल्यागत.”

कडेगावजवळच्या त्यांच्या वाडीने त्यांचं काम कधी पाहिलंच नव्हतं. ‘कंडक्टर होतो’ म्हटलं की लोक विचारत, कुठल्या डेपोला? मंगलनीही पाहिलं नव्हतं. नवरा छावण्यांत, त्या इथे मेंढरांमागे. म्हणून यंदाच्या जत्रेत एकदा वाद्यवृंद उभा करायचाच, असं मदने यांनी ठरवलं. साताऱ्या-सांगलीतले त्यांचे निवृत्त फौजी वादक तयार झाले. अडलं जत्रा कमिटीचे अध्यक्ष नानासो शेंडगे यांच्यापाशी. तालमीला ते स्टेजसमोरच्या सोफ्यावर बसले आणि लगेच उठले.

“धनाजी, ह्ये काय रं? पावन्याकडं पाठ?”

“तशीच पद्धत हाय, नानासो.”

“फौजेत आसंल. आमी सोफ्यावर बसून तुजी पाठ बघायची व्हय? तू हिकडं तोंड कर.”

“मग वाजिवणाऱ्यास्नी माझा हात दिसायचा न्हाई.”

“मग तुला स्टेजबी दिसायचं न्हाई.”

मदने यांनी दुसऱ्या दिवशी सोफाच उचलून स्टेजवर, वादकांच्या मागे नेऊन ठेवला. नुसतं बसणं बरं दिसेना, म्हणून नानासोंच्या हातात ट्रँगल दिला. दोरीला टांगलेला सळईचा त्रिकोण आणि तो वाजवायला एक कांडी.

“शेवटाला एकच ठोका. मी तुमच्याकडं बघून मान हलवली की द्यायचा.”

जत्रेला नानासो फेटा बांधून बसले. पापणी लवू देईनात. आता संचालक सगळ्यांकडेच बघतो आणि सारखी मान हलवतो. नानासोंनी प्रत्येक मानेला ठोका दिला. मदने यांनी त्या बाजूला बघणंच सोडलं, तेव्हा नानासोंच्या पुढ्यात चेलो हे मोठं व्हायोलिन वाजवणाऱ्यांना इशारा मिळेना आणि ते मागे पडू लागले. कसाबसा शेवटचा सूर आला, थांबला. नानासो कांडी उचलून अजून वाटच बघत होते. मदने यांनी नाइलाजाने मान हलवली.

टिंग!

वाडीने शिट्ट्या मारल्या. त्या टिंगलाच.

“लय जोखमीचं काम, गड्या,” घाम पुसत नानासो म्हणाले. “पुढच्या साली कमिटीतल्या समद्यांस्नी आत घे. त्यास्नीबी कळू दे.”

घरी आल्यावर मदने यांनी बायकोला विचारलं, “कसं झालं?”

“झालं की बेस. पर कोटाला मागनं ह्येवढी घडी. आदी बोलायचं न्हाई? मी इस्त्री म्होरल्या अंगाला केली.”

मग मंगलनी पुस्तक उघडलं आणि पहिल्याच फोटोवर बोट ठेवलं.

“हितंबी घडी हाय. तुमीच ह्ये.”